संत्र्यांचं वाक्य पाठ, वाट मात्र ठाऊक नाही

पोस्ट मोठी आहे, आधीच सांगून ठेवतो. ज्यांच्या घरात डिप्लोमा झालेलं किंवा इंजिनियरिंगच्या शेवटच्या वर्षाला असलेलं लेकरू आहे त्यांनी तरी शेवटपर्यंत वाचा. बाकीच्यांची मर्जी.

सुरुवात कबुलीनं करतो. चार वर्षांपूर्वी आमच्या पेपरच्या वर्धापनदिन पुरवणीत पुण्यातल्या एका नेटवर्किंग क्लासची अर्धं पान रंगीत जाहिरात होती. टाय लावलेला हसरा पोरगा, मागं निळ्या वायरींचं जाळं आणि वर मोठ्या अक्षरांत 'नोकरीची शंभर टक्के हमी'. ती जाहिरात मी आणली होती. तालुक्याच्या बातमीदाराला मानधन किती मिळतं हे इथल्या पत्रकार मित्रांना वेगळं सांगायला नको. आमचं घर जाहिरातीच्या कमिशनवर चालतं. त्या अर्ध्या पानावर मला १५ टक्के मिळाले. त्यात दिवाळीला पोरांचे कपडे झाले.

तीच जाहिरात वाचून आमच्या गल्लीतल्या तात्यांनी थोरल्या पोराला पुण्याला पाठवलं. पाठवायच्या आधी मला विचारलंही होतं, "क्लास चांगला हाय न्हवं? तुमच्याच पेपरात आलाय." मी म्हणालो, "चांगलाच असणार की तात्या." मी तो क्लास कधी डोळ्यांनी बघितला नव्हता. ८५ हजार फी, कॉट बेसिसवर खोली, मेस, वरून परीक्षेचे ३०० डॉलर वेगळे. सोयाबीनचे आले तेवढे घातले. कमी पडले तिथं काकूंच्या पाटल्या पतसंस्थेत गेल्या.

आता तिथं काय शिकवलं ते ऐका. हे मला पोरानंच सांगितलं, तेही मी खोदून खोदून विचारल्यावर.

इंटरनेटवर तुमचा माझा डेटा एका राउटरकडून दुसऱ्या राउटरकडे जातो. कुठल्या वाटेनं जायचं हे ठरवायची जी पद्धत, तिला राउटिंग प्रोटोकॉल म्हणतात. एका कंपनीच्या घरातल्या घरात वापरायचे वेगळे, त्यात ओएसपीएफ हा सगळ्यात माहितीतला. दोन वेगळ्या कंपन्यांच्या, वेगळ्या देशांच्या नेटवर्कमध्ये वापरायचा एकच, बीजीपी. या बीजीपीत एकाच ठिकाणी जायच्या अनेक वाटा असल्या तर कुठली निवडायची याचे ओळीनं नियम आहेत. ते नियम लक्षात राहावेत म्हणून संत्र्यांवरचं एक इंग्रजी वाक्य जगभरच्या क्लासमध्ये पाठ करून घेतात. प्रत्येक शब्दाचं पहिलं अक्षर म्हणजे एक नियम. (नागपूरकरांनी खूश व्हायला हरकत नाही.) आमच्या पोराच्या बॅचमध्ये चाळीस जण होते. चाळीसही जण ते वाक्य पाढ्यासारखं म्हणायचे. पण त्यातला 'लोकल प्रेफरन्स' नावाचा नियम कुणी, कधी, कशासाठी वापरतो हे एकाला विचारलं असतं तर सगळे एकमेकांच्या तोंडाकडं बघत बसले असते. शिकवणारा स्वतः आदल्याच वर्षी त्याच क्लासमधून पास झालेला. खरे राउटर दोन होते, काचेच्या कपाटात, कुलपात. ॲडमिशनला येणाऱ्या पालकांना दाखवायला.

शेवटचा महिना 'डम्प'चा. डम्प म्हणजे परीक्षेतले फुटलेले प्रश्न. प्रश्नात अमुक शब्द दिसला की उत्तर 'सी'. दहावीच्या गाईडलाही लाज वाटेल असा प्रकार. पोरगा पास झाला. सर्टिफिकेट आलं. तात्यांनी पेढे वाटले, मीही खाल्ले.

पहिली मुलाखत हिंजवडीला. समोरच्या माणसानं व्याख्या-बिख्या काही विचारल्या नाहीत. कागदावर दोन गोल काढले. म्हणाला, हे दोन राउटर, दोघांत ओएसपीएफ लावलाय, पण बोलणी 'एक्सस्टार्ट' नावाच्या पायरीवर अडकलीत. काय तपासशील? पोराला आनंदच झाला, कारण हा प्रश्न डम्पमध्ये होता. म्हणाला, एमटीयू जुळत नाही. म्हणजे पाकिटाचं कमाल माप दोन्हीकडं वेगळं आहे. उत्तर बरोबर! समोरचा म्हणाला, ठीक, मग आधीचं 'हॅलो' कसं काय पोचलं आणि नेमकं इथंच का अडकलं? पोरगा गप्प. उत्तर तसं साधं आहे. हॅलोचं पाकीट लहान असतं आणि त्यात मापाचा उल्लेखच नसतो. पुढं आपापल्याकडच्या माहितीची यादी द्यायची वेळ येते, त्या यादीवर माप लिहिलेलं असतं. ते आपल्या मापापेक्षा मोठं दिसलं की समोरचा राउटर ती यादी घेतच नाही. दोन राउटर समोर ठेवून एकदा हात घातला असता तर अर्ध्या तासात डोक्यात बसलं असतं, आणि जन्मभर निघालं नसतं. नंतर लोकल प्रेफरन्स विचारला. पोरानं संत्र्यांचं वाक्य म्हणून दाखवलं. दहा मिनिटांत बाहेर.

असं तीन कंपन्यांत झालं. क्लासला फोन केला तर म्हणाले, हमी मुलाखतीची होती, नोकरीची नव्हती, फॉर्मच्या मागं बारीक अक्षरात लिहिलंय, वाचलं नाही का?

पोरगा गावात परत आला. आमच्याकडच्या एका केबलवाल्याकडं कामाला लागला. आता सगळे केबलवाले इंटरनेटवाले झालेत, तसाच हाही. काम काय, तर खांबावर चढून वायर ओढायची आणि तक्रारीचे फोन घ्यायचे. महिना नऊ हजार. तात्या मला रस्त्यात भेटले की मान खाली घालून जायचे. खरं तर मान मी खाली घालायला पाहिजे होती.

पण हा पोरगा रडत बसला नाही, आणि म्हणून मी ही पोस्ट लिहू शकतोय. त्यानं चौदा हजाराला जुना लॅपटॉप घेतला. त्यावर एफआरआर नावाचं फुकट सॉफ्टवेअर टाकलं. त्यानं एकाच लॅपटॉपमध्ये आठ-दहा खोटे राउटर उभे करता येतात, आणि ते बोलतात मात्र खरंच बीजीपी आणि ओएसपीएफ. रात्री दहानंतर हा बसायचा. दोन खोट्या इंटरनेट कंपन्या तयार करायचा, मध्ये एक खोटा केबलवाला ठेवायचा, आणि मुद्दाम मोडायचा. मोडलं की वायरशार्कमध्ये एकेक पाकीट उघडून बघायचा, कुठं फिसकटलं ते. बीजीपीचा मूळ दस्तऐवज, आरएफसी ४२७१, २००६ सालचा, शंभरेक पानांचा, तोही फुकट. ओएसपीएफचा आरएफसी २३२८, १९९८ सालचा, अडीचशे पानांच्या आसपास. हे त्यानं इंग्रजीतून वाचलं, शब्द अडला की फोनवर बघून, आणि टिपणं मराठीत काढली. वही मी पाहिली आहे. पहिल्या पानावर लिहिलंय, 'जायची वाट आणि परत यायची वाट या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.'

या एका वाक्यावर आमच्या गावाचा एक अख्खा दिवस गेला. ते आता सांगतो.

गेल्या वर्षी पीक विम्याच्या अर्जाची शेवटची तारीख होती. महा ई-सेवा केंद्रांपुढं सकाळपासून रांगा. साडेदहाला रस्त्याच्या कामावरच्या जेसीबीनं सोलापूरकडून येणारं फायबर उचललं. अर्धं गाव बंद. मी बातमीसाठी केबलवाल्याकडं पळालो. मालक निवांत. म्हणाला, "काळजी नको साहेब, आपली लातूरकडनं दुसरी लाईन हाय. तीन वर्षं भाडं भरतोय." मी विचारलं, मग चालू का नाही? तर ते कुणालाच माहीत नव्हतं. राउटरचा पासवर्ड मुंबईच्या एका कन्सल्टंटकडं. त्यानं सुरुवातीला एकदा येऊन सगळं लावून दिलं होतं, पैसे घेतले होते, गेला होता. फोन उचलत नव्हता. हिशेबाला माणूस आहे, वसुलीला चार पोरं आहेत, कागदपत्रांना वकील आहे, गणपतीच्या वर्गणीचं बघायलाही एक जण आहे. ज्याच्यावर धंदा चालतो त्या राउटिंगचा माणूस शून्य.

कन्सल्टंट संध्याकाळी सातला सापडला. पासवर्ड मिळाला. आमचा पोरगा बसला, मी शेजारी. त्यानं दोन मिनिटांत डेटा लातूरच्या लाईनवर वळवला. तरी काही चालेना. मग त्यानं डोक्याला हात लावला आणि मला समजावलं ते असं:

"काका, आपण चिठ्ठी पाठवली लातूरकडून, ती पोचली पण. पण उत्तर यायला आपला पत्ता जगाला माहीत पाहिजे की. आपला पत्ता जगाला फक्त सोलापूरवाली कंपनी सांगत होती. ती लाईन तुटली तसं तिनं सांगणं बंद केलं. लातूरवाल्यांनी तो कधी सांगितलाच नाही, कारण आपण त्यांना सांगा असं कधी म्हटलंच नाही. तीन वर्षं."

म्हणजे दोन विहिरी खणल्या, दुसरीला पाणीही होतं, पण पाईप जोडलाच नव्हता. बीजीपीत तुमचे पत्ते शेजाऱ्याला जाहीर करावे लागतात. शेजारी कंपनीनंही, हे पत्ते तुमचेच आहेत अशी खात्री करून, आपली गाळणी तेवढी उघडावी लागते. लातूरवाल्यांना रात्री मेल गेला, त्यांनी कागद मागितले, आणि दुसऱ्या दिवशी अकराला चालू झालं. चोवीस तासांच्या वर. तोवर विम्याची मुदत गेली होती. रांगेतले किती शेतकरी परत गेले ते मोजायला मी थांबलो नाही, माझंही छापायचं राहिलं होतं. पेपरात दुसऱ्या दिवशी मथळा आला, 'जेसीबीमुळे इंटरनेट ठप्प'. मीच दिलेला. जेसीबी बिचारा निमित्त. तीन वर्षं भाडं भरून झोपलेली लाईन हा खरा मथळा होता, पण तो लिहायची अक्कल मला त्या रात्रीनंतर आली.

त्यानंतर मालकानं पोराच्या हाती राउटर दिला. पुढं दोनदा फायबर तुटलं. गावाला कळलंसुद्धा नाही. न घडलेल्या गोष्टीची बातमी होत नाही, त्यामुळं त्याचं नाव पेपरात यायचा प्रश्नच नाही.

कुणी म्हणेल, तालुक्याच्या गावात असं चालायचंच, मोठ्या कंपन्यांत असं नसतं. थांबा.

२४ फेब्रुवारी २००८. पाकिस्तान सरकारनं यूट्यूब बंद करायचा आदेश दिला. पाकिस्तान टेलिकॉमनं काय केलं, तर यूट्यूबचा पत्ता आपल्याकडंच आहे असं देशातल्या देशात जाहीर करायचं ठरवलं, म्हणजे तिकडं जाणारे सगळे लोक खड्ड्यात पडतील. पण ते जाहीर करणं देशाबाहेर त्यांच्या हाँगकाँगच्या अपस्ट्रीम कंपनीकडं गेलं, आणि तिनं न तपासता जगाला सांगितलं. यूट्यूब १,०२४ पत्त्यांचा मोठा गट जाहीर करत होतं, पाकिस्ताननं त्यातलाच २५६ पत्त्यांचा बारका गट जाहीर केला. राउटरचा कायदा असा की जास्त नेमका पत्ता जिंकतो. 'तालुका बार्शी' आणि 'तालुका बार्शी, अमुक गल्ली, तमुक वाडा' अशी दोन पत्र आली तर पोस्टमन वाड्याकडंच जाणार ना, तसं. दोन तासांच्या आसपास जगाचं यूट्यूब पाकिस्तानात जाऊन बुडत होतं.

असं का होतं? कारण बीजीपी विश्वासावर चालतो. १९८९ च्या जानेवारीत टेक्सासमधल्या ऑस्टिनला इंजिनियरांची बैठक होती, तिथं जेवणाच्या वेळी सिस्कोचा कर्क लॉखीड आणि आयबीएमचा याकोव्ह रेख्टर यांनी कागदी रुमालांवर त्याचा आराखडा काढला. तेव्हाचं इंटरनेट म्हणजे एकमेकांना ओळखणाऱ्यांची वस्ती. शेजारी म्हणाला, या गावाची वाट माझ्याकडून जाते, की आपण मान डोलवायची आणि पुढच्याला सांगायची. आज पाऊण लाखाच्या वर नेटवर्क आहेत, दहा लाखांच्या घरात वाटांची नोंद प्रत्येक मोठ्या राउटरला ठेवावी लागते, आणि पाया अजून तोच रुमालाचा. ओएसपीएफमध्ये निदान प्रत्येक राउटरकडं सगळा नकाशा असतो, त्यावर तो स्वतः जवळची वाट काढतो. बीजीपी म्हणजे सगळी ऐकीव माहिती. माझ्या धंद्यात ऐकीव छापली तर नोटीस येते. इथं ऐकीव छापली तर देश बंद पडतो.

यावर इलाज निघालाय, आरपीकेआय त्याचं नाव. आपल्या भाषेत सांगायचं तर पत्त्यांचा सातबारा. हा गट कुणाचा, तो जाहीर करायचा हक्क कुणाला, याची सही केलेली नोंद. बघणाऱ्यानं सातबारा तपासायचा आणि मगच विश्वास ठेवायचा. पण सातबाऱ्यासारखाच याचाही घोळ आहे. नोंद करून ठेवली पण कुणी तपासलीच नाही तर उपयोग शून्य, आणि मालक कोण एवढंच त्यावर कळतं, रस्ता कुठून गेला ते कळत नाही. १६ एप्रिल २०२१ ला आपल्याच देशातल्या व्होडाफोन आयडियाच्या नेटवर्कमधून चुकून ३० हजारांहून जास्त गट जाहीर झाले, जे त्यांचे नव्हतेच. जगभरच्या गटांचा त्यात समावेश होता. आपल्या पेपरांत त्या दिवशी काय मथळे होते ते आठवून बघा. मी माझ्या पेपरात एक ओळ दिली नव्हती. मला ते कळलंच नव्हतं.

कॅनडातल्या रॉजर्स कंपनीचं बघा. ८ जुलै २०२२. देखभालीच्या कामात राउटरवरची एक गाळणी काढली गेली. बाहेरच्या इंटरनेटच्या वाटांचा अख्खा लोंढा घरातल्या मुख्य राउटरवर येऊन आदळला आणि ते मान टाकून बसले. सव्वा कोटीच्या आसपास ग्राहक. फोन बंद, कार्डाचे व्यवहार बंद, पोलिस-ॲम्ब्युलन्सचा ९११ नंबर अनेकांना लागेना. सगळ्यात कडू भाग म्हणजे कंपनीच्या इंजिनियरांचे स्वतःचे फोनही त्याच कंपनीचे. दुरुस्तीसाठी एकमेकांना गाठायलाच त्यांना तासन्‌तास लागले. वाचलं तेव्हा मला आमचा तो न उचलला जाणारा मुंबईचा नंबर आठवला.

आणि फेसबुक. ४ ऑक्टोबर २०२१, सोमवार, आपल्याकडं रात्रीचे नऊ वाजून गेले होते. इथले सगळे पत्रकार मित्र ती रात्र विसरले नसतील. तालुक्यांच्या बातम्या व्हॉट्सॲपवर येतात, फोटो व्हॉट्सॲपवर, पानाची पीडीएफ व्हॉट्सॲपवर. सगळं मेलं. आम्ही फोनवर बातम्या सांगून लिहून घेतल्या, वीस वर्षांपूर्वीसारख्या. झालं काय होतं, तर देखभाल करताना एक कमांड दिली गेली आणि कंपनीच्या डेटा सेंटरांना जोडणारं जाळंच तुटलं. मग त्यांच्या नाव-पत्ता सांगणाऱ्या सर्व्हरांनी बीजीपीतून आपले पत्ते मागं घेतले. जगाच्या दृष्टीनं फेसबुकची वाटच पुसली गेली. सहा तास.

आता कमेंटमध्ये येणारा एक मुद्दा आधीच घेतो. "साहेब, एआयचा जमाना आहे, ही कामं सॉफ्टवेअर करणार, पोरांनी हे कशाला शिकायचं?" फेसबुककडं चुकीची कमांड अडवणारं तपासणीचं सॉफ्टवेअर होतं. त्याच सॉफ्टवेअरमध्ये दोष होता म्हणून ती कमांड अडली नाही, हे कंपनीनं स्वतः लिहून सांगितलं. मग शेवटी काय केलं? माणसं डेटा सेंटरमध्ये पाठवली. मशीन बंद पडल्यावर मशीनच्या आत काय चालतं हे माहीत असलेलाच माणूस लागतो. तो माणूस डम्प पाठ करून तयार होत नाही.

दुसरा मुद्दा येईल, "सर्टिफिकेटशिवाय बायोडेटा कुणी उघडत नाही." खरं आहे, मान्य. सर्टिफिकेटला माझा विरोध नाही. सिस्कोच्या परीक्षांचा अभ्यासक्रम चांगला आहे असं पोरगाच सांगतो, मनापासून केला तर. माझं भांडण त्याच्या नावावर पाठांतर विकणाऱ्यांशी आहे. पोहायला शिकवतो म्हणून फी घ्यायची आणि काठावर बसवून पाण्याची व्याख्या पाठ करून घ्यायची, याला दुसरं काय म्हणायचं? आणि वर बुडाला तर म्हणायचं, तुझ्यातच दम नव्हता. त्या चाळीस पोरांतली बहुतेक लातूर, धाराशिव, बीड, सोलापूरची. मराठी शाळेतली. ती घरी जाऊन काय म्हणाली असतील? 'मला नाय जमलं.' जमलं नाही असं नाही रे, तुला शिकवलंच नाही कुणी. आमच्या पोराला नऊ हजाराच्या नोकरीत, खांबावरून उतरून, रात्री जागून जमलं. त्याचं डोकं वेगळं नव्हतं. त्याला मोडायला राउटर मिळाले, भले लॅपटॉपमधले खोटे का असेनात.

कॉलेजंही यातून सुटत नाहीत. डिप्लोमाला, डिग्रीला नेटवर्कचा विषय असतो. आमच्या भागातल्या एका कॉलेजची लॅब मी बघून आलो. संगणक तीस, चालू बावीस. जर्नलमध्ये सगळ्यांचं प्रॅक्टिकल एकाच अक्षरात, म्हणजे एकाचं बघून उरलेल्यांनी उतरवलेलं. सरांना विचारलं, बीजीपी करून दाखवता का? म्हणाले, "तो ॲडव्हान्स आहे, सिलॅबसला नावापुरता आहे, आणि त्याला महागडी मशीन लागतात." महागडी मशीन लागत नाहीत हो सर. एफआरआर फुकट, वायरशार्क फुकट, सिस्कोचा पॅकेट ट्रेसर फुकट. आशिया-पॅसिफिकमध्ये इंटरनेटचे पत्ते वाटणाऱ्या एपनिक या संस्थेची ऑनलाइन अकादमी आहे, धडे फुकट, सरावाची लॅबही फुकट. जगातल्या खऱ्या वाटांच्या नोंदी अमेरिकेतलं ओरेगॉन विद्यापीठ वर्षानुवर्षं जमा करून खुल्या ठेवतंय, 'राउट व्ह्यूज' नावानं. २००८ ची यूट्यूबची ती रात्र आज वर्गात बसून पाकीट न्‌ पाकीट उलगडून दाखवता येते. लागतं ते फक्त शिकवणाऱ्यानं आधी स्वतः एकदा मोडून जोडलेलं असणं.

केबलवाल्यांनाही सांगतो, राग आला तरी चालेल. तुमच्या लाईनवर आता तहसील आहे, दवाखाना आहे, बँक आहे, पोरांच्या परीक्षा आहेत. तुम्ही आता सिरियल दाखवणारे राहिला नाही. दुसरी लाईन घेतली असेल तर या आठवड्यात पहाटे तीनला पहिली हातानं बंद करून बघा, गाव चालतं का. नाही चाललं तर तुम्ही भाडं भरताय ते लाईनचं नाही, समजुतीचं. तुमच्या पत्त्यांचा सातबारा, म्हणजे ती आरपीकेआयची नोंद, केलेली आहे का ते कन्सल्टंटला विचारा. तो "होऊन जाईल" म्हणाला तर समजा, नाही.

आणि पालकांनो, क्लासमध्ये गेलात तर ब्रोशर बघू नका. सांगा, ओएसपीएफ लावलेले दो राउटर आमच्यासमोर चालू करा, त्यांची बोलणी एक्सस्टार्टवर अडकवून दाखवा आणि मग सोडवून दाखवा. बीजीपीच्या दोन कंपन्या जोडून एक तोडून दाखवा. तुम्हाला त्यातलं काही कळणार नाही, मलाही पहिल्यांदा कळलं नव्हतं. पण समोरच्याचे हात की-बोर्डवर जातात का तोंड वर जातं, एवढं आपल्याला नक्की कळतं. मागच्या बॅचमधल्या कुठल्याही तीन पोरांचे नंबर मागा. क्लासनं निवडलेल्या नको, हजेरीपटावर आपण बोट ठेवू त्या.

आमच्या पोराला आता सोलापूरच्या एका कंपनीनं बोलावलंय. केबलवाला म्हणतो पगार वाढवतो, जाऊ नको. तो काय करेल ते करेल. रविवारी सकाळी तो पाच-सहा पोरांना घरीच शिकवतो, तात्यांच्या ओसरीवर, फी नाही. परवा डोकावलो तेव्हा पोरांना मुद्दाम चुकीची वाट जाहीर करायला लावली होती आणि कुणाचं यूट्यूब आधी बुडतंय यावर हसाहशी चालली होती. पाटल्या मात्र अजून पतसंस्थेतच आहेत.

काल दुपारी त्याच क्लासच्या मार्केटिंगवाल्याचा फोन आला होता. यंदा वर्धापनदिनाला पूर्ण पान पाहिजे म्हणाला, शेवटचं पान, रंगीत, आणि कमिशन २० टक्के करू. मी म्हटलं, एक करा, जाहिरातीत 'हमी मुलाखतीची, नोकरीची नाही' हे वाक्य वरच्या अक्षरांच्याच मापात टाका, लगेच घेतो. तो हसला. म्हणाला, सरांना विचारून कळवतो. अजून फोन आलेला नाही. संपादकांना हे कळलं की मलाही फोन येईल, तो काय असेल ते इथंच लिहीन.